काळ्या रंगाला कुंपण

आमच्या कॉलेजच्या व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपवर दर चार-सहा महिन्यांनी तेच एक मीम फिरून येतं. एका बाजूला अनिश कपूरचा फोटो, दुसऱ्या बाजूला गुलाबी रंगाची बरणी. मजकूर असा की, या माणसाने जगातला सगळ्यात काळा रंग एकट्यासाठी विकत घेतला, म्हणून दुसऱ्या एका कलावंताने जगातला सगळ्यात गुलाबी रंग बनवला आणि तो कपूर सोडून सगळ्यांना विकला. खाली हसून लोळणाऱ्या इमोजींची रांग. कुणीतरी हमखास विचारतो, "हा अनिल कपूरचा कोण लागतो रे?" आणि विषय संपतो.

मीही बरीच वर्षं त्यावर हसलोय. कपूरबद्दल मला जे काही माहीत होतं ते त्या मीमएवढंच होतं. मग क्लायंटच्या कामासाठी तीन आठवडे शिकागोला जायचा योग आला आणि एका रविवारी मिलेनियम पार्कमधल्या 'क्लाउड गेट'खाली जाऊन उभा राहिलो. शिकागोचे लोक त्याला 'द बीन' म्हणतात, कारण तो आरशासारखा चकचकीत, अवाढव्य घेवड्याचा दाणा दिसतो. बाहेरून त्यात आकाश आणि उंच इमारती दिसतात. ते फोटो आपण सगळ्यांनी पाहिलेत. पण कमानीखालून आत गेलं आणि मान वर केली की तिथे पोट आत ओढून घेतल्यासारखा एक खोल खळगा आहे. त्यात मी दिसत होतो. उलटा, ताणलेला, एकाचे चार झालेला. शेजारी बाबागाडी ढकलणारी एक बाई होती, शाळेची सहल होती, डबा खात बसलेला एक सफाई कामगार होता. आम्ही सगळे वर त्या खळग्यात एकमेकांत मिसळून गेलो होतो. तिकीट नव्हतं, रांग नव्हती. मी 'पाच मिनिटं' म्हणून गेलो होतो, तासभर थांबलो.

हॉटेलवर येऊन या माणसाबद्दल वाचायला लागलो आणि अडचणीत आलो. मला हा कलावंत फार मोठा वाटतो. आणि त्या काळ्या रंगाच्या प्रकरणात तो साफ चुकला, असंही वाटतं. मीमवाल्यांना पहिली गोष्ट माहीत नाही, त्याच्या चाहत्यांना दुसरी मान्य नाही. त्यामुळे हा लेख दोघांशी भांडण्यासाठी लिहितोय. माझं म्हणणं एवढंच आहे की, कपूरवरचा खटला चालवायला बाहेरचे साक्षीदार लागत नाहीत. त्याची स्वतःची चाळीस वर्षांची कामंच त्याच्याविरुद्ध साक्ष देतात.

* * *

आधी माणूस कोण ते सांगतो. अनिश कपूर १९५४मध्ये मुंबईत जन्मला. वडील पंजाबी हिंदू, नौदलात समुद्राची मोजणी करणारे तज्ज्ञ. आई बगदादी ज्यू घराण्यातली. तिचे वडील पुण्याच्या सिनेगॉगमध्ये प्रार्थना म्हणवायचे. शाळा डेहराडूनची 'डून स्कूल'. १९७१मध्ये तो इस्राएलला गेला, किबुत्झवर राहिला आणि तिथे (आमच्या जमातीने इकडे लक्ष द्यावं) इलेक्ट्रिकल इंजिनिअरिंगला लागला. गणित झेपेना. सहा महिन्यांत सोडून दिलं. एम-थ्रीला बॅक लागलेल्या सगळ्यांनी ही गोष्ट फ्रेम करून लावायला हरकत नाही.

१९७३मध्ये तो लंडनला पोचला. आधी हॉर्न्सी, मग चेल्सी अशा दोन कलाशाळांत शिकला. पण त्याला स्वतःची वाट सापडली ती १९७९च्या भारतभेटीत. देवळांबाहेर, बाजारात रंगांचे जे टोकदार ढीग मांडलेले असतात, ते त्याने पाहिले. तुम्ही-आम्ही ते ढीग जन्मल्यापासून पाहतोय. कुंकू, हळद, गुलाल, बुक्का. आपण त्यातून चिमूटभर घेतो आणि पुढे जातो. हा माणूस लंडनला परत गेला आणि त्याने '१००० नेम्स' नावाची मालिका केली. जमिनीवर ठेवलेले साधे आकार: एखादा डोंगरासारखा, एखादा पायऱ्यांचा, एखादा कळीसारखा. त्यांच्यावर लाल, पिवळं, निळं कोरडं रंगद्रव्य इतकं भरभरून टाकलेलं की, ते खाली सांडून आकाराभोवती रंगाची कड तयार व्हायची. वस्तूला रंग दिलाय असं वाटतच नाही. ती वस्तू रंगातूनच उगवली आहे आणि तिचा बराचसा भाग अजून जमिनीखाली आहे, असं वाटतं. नाव वाचून आपल्याला सहस्रनाम आठवतं, आणि हजार म्हणजे अगणित हाच अर्थ त्याच्याही मनात होता.

या मालिकेने त्याला नाव मिळवून दिलं. आता लक्षात घ्या, साहित्य काय होतं? बाजारात कुणालाही वजनावर मिळणारी पूड. ती दुसऱ्या कुणी वापरू नये अशी अट कुणी घातली नव्हती, आणि घातली असती तर कपूर झालाच नसता.

पुढची पायरी म्हणजे पोकळी. १९९०मध्ये व्हेनिसच्या बिएनालेत त्याने ब्रिटनचं प्रतिनिधित्व केलं. तिथे 'व्हॉइड फील्ड' होतं: वालुकाश्माचे मोठमोठे खडबडीत ठोकळे आणि प्रत्येकाच्या माथ्यावर एक काळं भोक. भोकात डोकावलं तर दगडाचा आतला भाग दिसत नाही, फक्त अंधार दिसतो. तळ आहे की नाही ते कळत नाही. पुढच्या वर्षी, १९९१मध्ये, त्याला टर्नर पारितोषिक मिळालं. १९९२मध्ये त्याने 'डिसेंट इन्टू लिम्बो' केलं. एक चौकोनी खोली, तिच्या जमिनीत एक गोल खड्डा, आत गडद काळा रंग. वरून बघणाऱ्याला वाटतं की जमिनीवर काळी चकती रंगवली आहे.

ही कलाकृती २०१८मध्ये पोर्तुगालमधल्या पोर्तो शहरातल्या संग्रहालयात होती, तेव्हा साठीतला एक प्रेक्षक त्या 'चकती'त पडला. खड्डा सुमारे अडीच मीटर खोल होता. हॉस्पिटलमध्ये न्यावं लागलं, सुदैवाने तो सावरला. या बातमीवरही भरपूर मीम झाले. पण मला त्यातला वेगळाच मुद्दा महत्त्वाचा वाटतो. माणूस खरोखर आत पडावा इतका पक्का अंधार कपूरने १९९२मध्येच करून ठेवला होता. कुठल्याही प्रयोगशाळेच्या मदतीशिवाय. हे ध्यानात ठेवा, पुढे उपयोगी पडेल.

मग आकार वाढत गेले. २००२मध्ये लंडनच्या टेट मॉडर्नमध्ये 'मार्सायस': पोलादाच्या तीन कड्यांवर ताणलेलं लाल पीव्हीसीचं कातडं, लांबी सुमारे १५० मीटर. हे उभं करायला सेसिल बॅलमंडसारखा स्ट्रक्चरल इंजिनिअर सोबत होता. 'क्लाउड गेट'ची गोष्ट तर कुठल्याही इंजिनिअरिंग प्रोजेक्टसारखीच आहे. २००४मध्ये पार्कचं उद्घाटन झालं तेव्हा ते अर्धवट होतं. औपचारिक लोकार्पण व्हायला २००६ उजाडलं. अंदाज ६० लाख डॉलरचा होता, खर्च २ कोटी ३० लाखांपर्यंत गेला. डेडलाइन आणि बजेट आपल्यालाच पाळता येत नाही असं वाटत असेल तर मन हलकं करून घ्या. पोलादाचे १६८ पत्रे जोडून ते बनलंय, वजन शंभर टनांच्या आसपास. आणि जोड एकही दिसत नाही, कारण वेल्डरांनी तो प्रत्येक जोड भरला आणि टप्प्याटप्प्याने घासून, शेवटी पॉलिश करून नाहीसा केला. आज तिथे उभं राहून मी जे पाहिलं ते कपूरच्या डोक्यातून आलं आणि त्या कामगारांच्या हातातून. एकट्याचं ते नाही. ते उघड्यावर आहे, कुणीही येऊन त्यात स्वतःचं तोंड बघावं.

भारतात त्याचं पहिलं प्रदर्शन २०१०मध्ये झालं, दिल्लीत आणि मुंबईत. मुंबईत वांद्र्याच्या मेहबूब स्टुडिओत त्याची तोफ होती, भिंतीच्या कोपऱ्यात लाल मेणाचे गोळे डागणारी. मी तेव्हा सातवी-आठवीत होतो आणि आमच्या चित्रकलेच्या तासाला गणिताचे सर यायचे, त्यामुळे ही तोफ माझ्यापर्यंत पोचली नाही. २०१२मध्ये त्याला पद्मभूषण मिळालं, २०१३मध्ये ब्रिटनचा 'सर' किताब.

इथपर्यंत मी त्याचा चाहता आहे. आता भांडण.

* * *

'व्हँटाब्लॅक' हे इंग्लंडमधल्या 'सरे नॅनोसिस्टीम्स' या कंपनीने २०१४मध्ये जाहीर केलेलं लेपन. मूळ प्रकार असा की, पृष्ठभागावर कार्बनच्या अतिसूक्ष्म नळ्या उभ्या वाढवायच्या. केसापेक्षा हजारो पटींनी बारीक, दाट जंगलासारख्या एकमेकींना लागून. प्रकाश त्या जंगलात शिरतो, नळ्यांमध्ये इकडून तिकडे आपटत राहतो आणि शेवटी उष्णता होऊन संपतो. परत बाहेर येतच नाही. मोजमापात ९९.९६५ टक्के प्रकाश गिळला गेला. चुरगळलेल्या पत्र्यावर हे लावलं तर चुरगळ दिसत नाही, फक्त एक सपाट भोक दिसतं. मुळात ते दुर्बिणी, उपग्रह अशा उपकरणांसाठी होतं, जिथे भरकटलेला प्रकाश मोजणी बिघडवतो.

२०१६मध्ये बातमी आली की, कलेच्या क्षेत्रात हे लेपन वापरण्याचा हक्क कंपनीने एकट्या अनिश कपूरला दिला आहे. इथे मीमवाल्यांची पहिली चूक दुरुस्त करतो. त्याने 'काळा रंग' विकत घेतला नाही. काळा रंग कुणी विकत घेऊ शकत नाही. त्याने एका कंपनीच्या एका उत्पादनाचं, एका क्षेत्रापुरतं एकमेव लायसन्स घेतलं. आपल्या भाषेत सांगायचं तर, लायब्ररी त्याच्या मालकीची नाही, पण त्या प्रकारचं अ‍ॅप बनवणाऱ्यांपैकी ती फक्त तोच इम्पोर्ट करू शकतो.

ब्रिटनमधले चित्रकार चिडले. ख्रिश्चन फर या चित्रकाराला स्वतःच्या मालिकेत ते वापरायचं होतं, त्याने जाहीर निषेध केला. स्टुअर्ट सेम्पल या कलावंताने त्या वर्षाच्या अखेरीस 'पिंकेस्ट पिंक' नावाची गुलाबी पूड विकायला काढली. विकत घेणाऱ्याने जाहीर करायचं की मी अनिश कपूर नाही, त्याच्या वतीने घेत नाही आणि ती त्याच्या हाती लागू देणार नाही. कपूरने ती कुठून तरी मिळवलीच, मधलं बोट त्यात बुडवलं आणि फोटो इन्स्टाग्रामवर टाकला. तेव्हा तो साठी ओलांडलेला, 'सर' झालेला गृहस्थ होता. या फोटोवर मी हसलो, पण जरा वाईटही वाटलं. समोरच्याच्या प्रश्नाला त्याच्याकडे उत्तर होतं की नाही माहीत नाही, त्याने दिलं ते बोट.

सेम्पलला मी संत मानत नाही, हेही सांगून टाकतो. त्याने या भांडणाचं दुकान छान चालवलं. पुढे स्वतःचे काळे रंग काढले, क्राउडफंडिंग केलं. 'सगळ्यांसाठी, एक माणूस सोडून' ही अट गंमत म्हणून ठीक आहे, पण कुंपण ते कुंपणच. तरी फरक आहे. त्याच्या कुंपणाबाहेर एक माणूस होता, कपूरच्या कुंपणाबाहेर बाकी सगळे.

* * *

कपूरच्या बाजूने तीन युक्तिवाद होतात. तिन्ही माझ्या ओळखीच्या लोकांनी माझ्या तोंडावर केलेत, त्यामुळे सावकाश उत्तर देतो.

पहिला: हे काही ट्यूबमधून पिळायचं पोस्टर कलर नाही. गुंतागुंतीची प्रक्रिया आहे, खर्चिक आहे, कंपनी छोटी आहे. शंभर कलावंतांचे नखरे ती सांभाळू शकत नाही. कपूरचं स्वतःचं म्हणणंही साधारण हेच राहिलंय की, हे सहकार्य आहे, कुणालाही उचलून देता येईल अशी ही वस्तू नाही. यातला अवघडपणाचा भाग खरा आहे. पण अवघड आहे म्हणून रांग लावता येते, पैसे जास्त घेता येतात, 'यंदा जमणार नाही' म्हणता येतं. त्यासाठी 'इतरांना कधीच नाही' अशी अट लागत नाही. आपल्याकडे सर्व्हर कमी असले की आपण रेट लिमिट लावतो, एका युझरला सोडून बाकीच्यांची खाती बंद करत नाही.

शिवाय पुढे काय झालं ते बघा. २०१६मध्येच कपूरच्या नावाने एका स्विस कंपनीने व्हँटाब्लॅकची तबकडी असलेलं घड्याळ काढलं. फक्त दहा नग, किंमत सुमारे ९५ हजार डॉलर. २०१८च्या हिवाळी ऑलिम्पिकमध्ये आसिफ खान या ब्रिटिश वास्तुरचनाकाराने दक्षिण कोरियात ह्युंदाईचा आख्खा मंडप याच कुटुंबातल्या दुसऱ्या प्रकाराने, फवारता येणाऱ्या लेपाने काळा केला. २०१९मध्ये बीएमडब्ल्यूने त्याच प्रकारात एक गाडी रंगवून मिरवली. हे मूळ नळ्यांचं लेपन नव्हतं, तांत्रिक फरक आहे, मान्य. पण म्हणजे कंपनीचा लेप मोटारगाडीवर चढला, जाहिरातीच्या मंडपावर चढला, श्रीमंतांच्या मनगटावर चढला. चढला नाही तो दुसऱ्या चित्रकाराच्या फळीवर. आता सांगा, अडचण तंत्रज्ञानाची होती की कराराची?

आणि स्वतः कपूरची व्हँटाब्लॅकमधली कामं लोकांसमोर पहिल्यांदा मांडली गेली ती २०२२मध्ये, व्हेनिसमध्ये. करार जाहीर झाल्यानंतर सहा वर्षांनी. चांगलं काम व्हायला वेळ लागतो, त्याबद्दल तक्रार नाही. पण त्या सहा वर्षांत एखाद्या विशीतल्या मुलीने त्याच काळ्याचं काय केलं असतं, हे आपल्याला कधीच कळणार नाही. माझी मुख्य तक्रार ही आहे. कपूरने काय केलं यापेक्षा काय होऊ दिलं नाही, याची.

दुसरा युक्तिवाद: कलावंत पूर्वीपासून आपापली गुपितं राखत आलेत. इव्ह क्लाइनने १९६०मध्ये आपला निळा रंग फ्रान्समध्ये नोंदवला नव्हता का? नोंदवला होता. पण ती स्वतःच्या मिश्रणाची कृती होती, आणि त्या नोंदीने दुसऱ्या कुणाला अल्ट्रामरीन निळा वापरायला बंदी झाली नाही. स्वतःच्या स्वयंपाकघरातलं मसाल्याचं प्रमाण न सांगणं वेगळं आणि गावातल्या एकमेव चक्कीवाल्याला 'माझ्याशिवाय कुणाचं दळू नकोस' असं सांगणं वेगळं. व्हँटाब्लॅक कपूरने शोधलेलं नाही. तो शोध शास्त्रज्ञांचा. दुसऱ्याच्या शोधाच्या दारात उभं राहून तिसऱ्याला अडवणं याला गुपित राखणं म्हणत नाहीत.

हे वेगळ्या रीतीने करता येतं याचा पुरावाही आहे. २०१९मध्ये एमआयटीमध्ये ब्रायन वॉर्डल या प्राध्यापकाच्या गटाने आणि डीमुट श्ट्रेबे या कलावंत बाईंनी मिळून वीस लाख डॉलर किमतीचा पिवळा हिरा कार्बन नळ्यांनी झाकला. हिरा दिसेनासा झाला. ते काळं तर ९९.९९५ टक्के प्रकाश गिळत होतं, म्हणजे व्हँटाब्लॅकपेक्षा सरस. आणि त्यांनी मुद्दाम सांगितलं की, विक्रीसाठी नसलेल्या कलाकृतींकरता ते कुठल्याही कलावंताला खुलं आहे.

तिसरा युक्तिवाद मला सगळ्यात जास्त टोचतो, कारण तो आपल्यातलेच लोक करतात: गोऱ्यांच्या कलाजगात एक मुंबईचा माणूस सगळ्यांच्या वर गेला, म्हणून हे सगळं त्याच्यावर तुटून पडलेत. त्या ट्रोलिंगमध्ये अशी एक घाण लकेर होती हे मी नाकारत नाही. २०१५मध्ये व्हर्सायच्या बागेतल्या त्याच्या शिल्पावर ज्यूद्वेष्ट्या घोषणा रंगवल्या गेल्या होत्या. या माणसाने द्वेष सोसलेला आहे. पण तो सोसला म्हणून त्याचा प्रत्येक करार पवित्र होत नाही. आणि 'आपला मुंबईचा' म्हणून छाती काढणाऱ्यांनी हेही लक्षात ठेवावं की, 'भारतीय कलावंत' या खोक्यात बसायला तो स्वतःच आयुष्यभर नकार देत आलाय. त्याच्या यशात आपला वाटा मागायचा आणि त्याच्या चुकीवर पांघरूण घालायचं, हा सौदा मला मंजूर नाही.

पांघरुणावरून आठवलं. सप्टेंबर २०१५मध्ये कपूर आणि चिनी कलावंत आय वेवे खांद्यावर एकेक ब्लँकेट टाकून लंडनच्या रस्त्यांवरून मैलोन् मैल चालले. निर्वासितांना आत घ्या, सीमा उघडा, असं सांगण्यासाठी. २०१७मध्ये मिळालेल्या दहा लाख डॉलरच्या जेनेसिस पारितोषिकाची रक्कमही त्याने निर्वासितांच्या मदतीसाठी दिली. हे ढोंग होतं असं मी अजिबात म्हणणार नाही. मला ते मनापासून वाटतं. म्हणूनच कळत नाही की, माणसांसाठी दारं उघडा म्हणत चाललेल्या माणसाने पुढच्याच वर्षी एका काळ्या लेपाच्या दाराला कुलूप कसं लावलं.

माझी आजी पंढरपूरहून येताना बुक्क्याची पुडी आणायची. तोही काळाच. वारीत कोण कुणाच्या कपाळाला लावतो याचा हिशेब नसतो. कपूरने १९७९मध्ये जे ढीग पाहिले ते याच जातकुळीतले होते. त्यांच्यापासून सुरुवात केलेल्या कलावंताला हे समजावून सांगायची वेळ यावी, याचं दुःख आहे. आणि ज्याने १९९२मध्ये साध्या काळ्या रंगाने माणसाला खड्ड्यात पाडण्याइतकी पोकळी केली, त्याला या एकट्याच्या हक्काची कलावंत म्हणून गरज नव्हती. गरज होती ती फक्त पहिलं असण्याची.

* * *

एवढं सगळं आवेशात लिहिल्यावर मी स्वतः कुठे उभा आहे, तेही सांगायला हवं.

माझ्या मामाचा तालुक्याच्या गावात छापखाना आहे. लग्नपत्रिका, हँडबिलं, गावातल्या हौशी लेखकांची पुस्तकं. वीस वर्षांच्या फाइल्स जुन्या फॉन्टमध्ये आहेत, युनिकोडच्या आधीच्या. नव्या कॉम्प्युटरवर उघडल्या की अक्षरांच्या जागी कचरा दिसतो. मामा एकदा म्हणाला, "अरे, एवढा इंजिनिअर झालास, माझी ही भुतं उतरव की." मी शनिवार-रविवार बसून एक कन्व्हर्टर लिहिला. रफार, र्‍हस्व वेलांटी, जोडाक्षरं यांनी घाम काढला. पण चालला. मामाने पंधरा वर्षांपूर्वी छापलेलं एका शिक्षकांचं आत्मचरित्र त्यातून जसंच्या तसं बाहेर आलं, तेव्हा त्याने मला फोनवर पहिलं पान वाचून दाखवलं.

असे छापखाने महाराष्ट्रभर आहेत. म्हणून तो कोड गिटहबवर सगळ्यांसाठी टाकायचं ठरवलं आणि शहाणपणा करून आधी ऑफिसात विचारलं. उत्तर आलं, नाही. नोकरीच्या करारात कलम आहे: नोकरीच्या काळात मी जे काही लिहीन, घरी लिहीन, सुट्टीत लिहीन, ते कंपनीचं. माझी कंपनी परदेशी ग्राहकांसाठी विम्याचं सॉफ्टवेअर बनवते. मराठी फॉन्टशी तिचा काडीचा संबंध नाही, ती तो कोड कधी वापरणार नाही, विकणार नाही. पण दुसऱ्या कुणाला मिळूही देणार नाही. दोन वर्षं झाली, तो माझ्या लॅपटॉपच्या एका फोल्डरमध्ये पडून आहे.

त्या दिवशी मला व्हँटाब्लॅकचं भांडण खऱ्या अर्थाने कळलं. यात हाव असायला हवी असंही नाही. बहुतेक वेळा नुसती सवय असते. कुंपण फुकट मिळत असेल तर घालून ठेवायचं, पुढेमागे लागेल म्हणून. आणि बाहेर राहिलेल्यांचं जे नुकसान होतं ते कुठल्याच वहीत लिहिलं जात नाही, कारण जे घडलंच नाही त्याची नोंद कोण करणार?

आणि हेही खरं की, तो करार मी न वाचता सही केला होता. ऑफर लेटरमधला पगाराचा आकडा बघून. माझी रोजची भाकरी लिनक्सवर, पायथनवर, अनोळखी लोकांनी फुकट दिलेल्या हजारो पॅकेजेसवर चालते. त्या सगळ्यांनी आपापल्या जागी कपूरसारखा विचार केला असता, तर मी आज काय करत असतो माहीत नाही. तेव्हा मीम फॉरवर्ड करून 'कपूर हाय हाय' म्हणणाऱ्या माझ्या इंजिनिअर मित्रांनो, आधी स्वतःच्या ऑफर लेटरचं ते पान काढून वाचा. तिथे तुम्ही कुंपणाच्या आत आहात की बाहेर, बघा.

कपूरकडे माझं मागणं फार मोठं नाही. त्याने व्हँटाब्लॅक वापरू नये असं मी म्हणत नाही. खूप वापरावं, त्याच्याइतका तो अंधार फार थोड्यांना कळेल. फक्त 'एकट्याने' हा शब्द करारातून काढायला लावावा. सत्तरी ओलांडलेल्या, सगळं मिळवून बसलेल्या माणसाला त्यासाठी एक ईमेल पुरेल. त्या मधल्या बोटाच्या फोटोपेक्षा ती जास्त वर्षं लक्षात राहील.

माझ्यापुरतं म्हणाल तर, मी ऑफिसला पुन्हा अर्ज केलाय. या वेळी लेखी, कलमाचा क्रमांक घालून. मागच्या रविवारी मामाचा फोन आला होता. शेजारच्या गावातल्या छापखान्याच्या मालकाला तो कन्व्हर्टर हवाय. "त्याला काय सांगू?" मामाने विचारलं.

"थांब म्हणावं थोडं," मी म्हणालो. "विचारलंय."